पाठ उघडी करून बघा



ज्या डॉक्टरांच्या स्मरणार्थ हे व्याख्यान दरवर्षी होतं, ते शल्यविशारद नव्हते. तालुक्याच्या गावात जनरल प्रॅक्टिस करणारे साधे डॉक्टर होते. त्यांचे जुने रुग्ण एक गोष्ट अजून सांगतात. मूल खोकल्यासाठी आलेलं असो की जुलाबासाठी, सदरा काढून पाठ पाहिल्याशिवाय ते चिठ्ठी लिहायला घेत नसत. आयोजकांनी मला सुचवलं होतं की मेंदूवर बोला, लोकांना आवडतं. पण या डॉक्टरांच्या नावानं बोलायचं तर विषय पाठीचाच हवा असं मला वाटलं. म्हणून आज मी मुलांमधल्या एका आजाराबद्दल बोलणार आहे. आम्ही त्याला टेदर्ड कॉर्ड म्हणतो. आईबापांना समजावताना मी ‘कॉर्ड खाली अडकलीय’ एवढंच सांगतो, आणि तेवढ्यात बरंच काही येतं.

ही कॉर्ड म्हणजे मज्जारज्जू. तो मेंदूपासून निघतो आणि कण्याच्या पोकळीतून खाली येतो, हे तुम्हाला ठाऊक आहे. तो माकडहाडापर्यंत जात नाही, हे मात्र अनेकांना ठाऊक नसतं. मोठ्या माणसात तो कमरेच्या पहिल्या-दुसऱ्या मणक्यापाशी संपतो. त्याच्या खाली पायांकडे, मूत्राशयाकडे आणि गुदद्वाराकडे जाणाऱ्या नसांचा झुपका असतो. या झुपक्याच्या मधोमध एक बारीक, लवचीक तंतू असतो, फायलम टर्मिनाले नावाचा. रज्जूचं टोक तो माकडहाडाशी जोडून ठेवतो. आपण वाकलो की तो थोडा ताणला जातो, उभे राहिलो की सैल पडतो.

गर्भ तीन महिन्यांचा असताना रज्जू आणि कणा यांची लांबी सारखीच असते. पुढे कणा झपाट्यानं वाढतो, रज्जू मागे पडतो, आणि त्याचं टोक मणक्यांच्या हिशेबानं वर वर सरकत जातं. बाळ जन्मतं तेव्हा ते साधारण दुसऱ्या-तिसऱ्या मणक्यापाशी असतं आणि पहिल्या काही महिन्यांत आपल्या कायमच्या जागी पोचतं. खाली कशाला तरी ते चिकटलेलं असेल तर हा प्रवास अर्ध्यावर थांबतो. गोठ्यात खुंट्याला बांधलेलं वासरू वाढत जावं आणि दावं मात्र तेवढंच राहावं, तशी मुलाची गत होते. मूल उंच होतं, आणि प्रत्येक इंचागणिक रज्जूवरचा ताण वाढतो.

ताणानं नेमकं काय बिघडतं? कॅलिफोर्नियातल्या लोमा लिंडा इथले शल्यविशारद शोकेई यामादा यांनी १९८१मध्ये याचं उत्तर दिलं. मांजरांच्या मज्जारज्जूला खालून ताण देऊन त्यांनी पेशींचा प्राणवायूचा वापर मोजला. ताण वाढला की रक्तपुरवठा घटतो, आणि प्राणवायूपासून ऊर्जा तयार करण्याचं पेशींचं काम मंदावतं. ताण हलका असेल तर तो सोडल्यावर पेशी सावरतात. ताण फार असेल, किंवा फार काळ राहिला, तर सावरत नाहीत. आज मी पुढे जे जे सांगणार आहे, त्याची किल्ली या शेवटच्या दोन वाक्यांत आहे.

हा आजार ओळखायला वैद्यकानं बराच वेळ घेतला. अमेरिकेतले अस्थिशल्यविशारद गार्सो यांनी १९५३मध्ये फायलममुळे होणाऱ्या त्रासाचं वर्णन केलं. पाठीचा बाक आणि पायांतला अशक्तपणा घेऊन मुलं त्यांच्याकडे येत होती, म्हणजे मूळ मज्जारज्जूत असूनही दार अस्थितज्ज्ञाचं होतं. टोरांटोच्या हॉस्पिटल फॉर सिक चिल्ड्रनमध्ये हॅरॉल्ड हॉफमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७६मध्ये ३१ रुग्णांचा अभ्यास छापला, आणि टेदर्ड कॉर्ड हे नाव रूढ झालं. फायलम २ मिलिमीटर किंवा त्याहून जाड आणि रज्जूचं टोक खाली, ही त्यांची व्याख्या होती. २ मिलिमीटरचं ते माप आम्ही आजही वापरतो.

आता कारणांकडे येतो. आईला दिवस गेल्याचं कळतं न कळतं तेवढ्यात, गर्भ २८ दिवसांचा होण्याआधी, मज्जारज्जूची सपाट पट्टी वळून तिची नळी झालेली असते. ही नळी बंदच झाली नाही तर पाठीवर उघडी जखम घेऊन बाळ जन्मतं. ते कोणाच्याही नजरेतून सुटत नाही. आजचा विषय मुख्यतः झाकलेल्या दोषांचा आहे. वरची त्वचा नळीपासून वेळेआधी सुटली, तर आजूबाजूची पेशीजाळी आत शिरते आणि रज्जूला चिकटून चरबीची गाठ वाढते. उलट एखाद्या जागी त्वचा सुटलीच नाही, तर त्वचेपासून रज्जूपर्यंत जाणारं बारीक भोक राहतं. त्यातून जंतू आत गेले की मुलाला पुन्हा पुन्हा मेंदूज्वर होतो. अशा भोकात कोणी सळई घालून बघू नये, रंग घालून फोटो काढू नये. हे भोक शस्त्रक्रियेनं काढायचं असतं, वाट पाहायची नसते. गुदद्वाराशिवाय जन्मलेल्या बाळांमध्येही रज्जू अडकलेला असण्याची शक्यता बरीच असते. गुदद्वाराची शस्त्रक्रिया उत्तम होते, पण पाठीचा एमआरआय करायचा राहून जातो, आणि पुढे त्याच मुलाला शी-शूचा ताबा येत नाही तेव्हा दोष पहिल्या शस्त्रक्रियेला दिला जातो.

काही मुलांत रज्जू उभा दुभंगून दोन भागांत विभागलेला असतो. डॅकलिंग पँग यांनी १९९२मध्ये याचे दोन प्रकार सांगितले. पहिल्या प्रकारात दोन अर्ध्यांच्या मधून हाडाचा काटा जातो आणि प्रत्येक अर्ध्याला स्वतःचं वेगळं आवरण असतं. दुसऱ्यात आवरण एकच असतं आणि मध्ये तंतूंचा पडदा. आपल्या देशात हे रुग्ण भरपूर आहेत. दिल्लीच्या एम्समधून १९९० ते २००६ या काळातल्या ३०० रुग्णांचा अनुभव छापून आलेला आहे. याच मुलांच्या पाठीवर बहुधा लांब, दाट केसांचा झुपका असतो. उत्तर भारतात अशा मुलाला मारुतीचा अवतार मानून लोक दर्शनाला रांगा लावतात, अशा बातम्या तुम्ही वाचल्या असतील. मला त्या बातम्या वाचताना त्या मुलाच्या पायांची काळजी वाटते.

आणि शेवटचं कारण म्हणजे आमचीच शस्त्रक्रिया. पाठीची उघडी जखम जन्मल्यावर शिवली, की त्या जागी व्रण होतो आणि रज्जू व्रणाला चिकटतो. जवळजवळ प्रत्येक मुलाच्या एमआरआयमध्ये ते दिसतं. त्रास होतो तो त्यांतल्या काहींनाच. म्हणून एमआरआयवर अडकलेला दिसला की लगेच सोडवा, असा हिशेब इथे चालत नाही.

फॉलिक ॲसिडबद्दल दोन शब्द. ब्रिटनच्या मेडिकल रिसर्च कौन्सिलनं सात देशांत चालवलेली चाचणी १९९१मध्ये प्रसिद्ध झाली. नळीचा दोष असलेलं बाळ आधी झालेल्या स्त्रियांनी गर्भ राहण्याआधीपासून रोज ४ मिलिग्रॅम फॉलिक ॲसिड घेतलं, तर पुढच्या बाळातला धोका ७२ टक्क्यांनी घटला. चाचणी नियोजित वेळेआधी थांबवावी लागली, कारण उरलेल्या स्त्रियांना गोळीपासून वंचित ठेवणं योग्य ठरलं नसतं. पण हा फायदा उघड्या दोषांचा. झाकलेल्या चरबीच्या गाठींवर फॉलिक ॲसिडचा तसा ठळक परिणाम दिसलेला नाही. ‘गोळी चुकवली म्हणून असं झालं’ असं ज्या आयांना घरात ऐकवलं जातं, त्यांच्यासाठी मी हे मुद्दाम सांगतोय.

निदानाबद्दल मला जास्त बोलायचं आहे.

एका मुलीचं उदाहरण देतो. ओळख लपवण्यासाठी तपशील बदलले आहेत. सहावीत शिकणारी. आईच्या हातात तीन वेगवेगळ्या फायली. पहिली अस्थितज्ज्ञाची. डाव्या पावलाची कमान उंच झाली, बोटं वळली, म्हणून खास बूट करून दिले होते. दुसरी लघवीची. पुन्हा पुन्हा जंतुसंसर्ग, पुन्हा पुन्हा प्रतिजैविकं. तिसरी टाचेवरच्या जखमेची, जी भरत नव्हती आणि दुखतही नव्हती. न दुखणारी जखम हा केवढा मोठा इशारा असतो! मी मुलीला चप्पल काढून चालायला लावलं आणि चप्पल हातात घेऊन पाहिली. डाव्या चपलेची बाहेरची कड पार झिजली होती, उजवी होती तशीच होती. शिवाय डावी चप्पल एका नंबरनं लहान, म्हणजे त्या दुकानदाराला दोन जोड फोडावे लागले होते. आई म्हणाली, ‘चौथ्या वर्षानंतर अंथरूण कोरडं राहायचं. गेल्या वर्षापासून पुन्हा ओलं होतंय. हिचे बाबा म्हणतात, मुद्दाम करते.’ मग पाठ पाहायची म्हटलं तेव्हा आई जरा घुटमळली. कमरेच्या वर, मधोमध, कापलेल्या केसांचे खुंट होते. दर महिन्याला ती कात्रीनं केस कापत होती. शाळेत कोणी चिडवू नये म्हणून.

तीन फायलींत तीन चांगल्या डॉक्टरांची अक्षरं होती. कोणीही आपलं काम वाईट केलं नव्हतं. पण पाय एकाचा, मूत्राशय दुसऱ्याचं, जखम तिसऱ्याची, आणि पाठ कोणाचीच नाही, अशी ही वाटणी होती. या आजाराचं निदान उशिरा होण्यामागचं सर्वात मोठं कारण ही वाटणी आहे. यंत्रांचा अभाव त्यानंतर येतो, असं माझं ठाम मत आहे.

पाठीवर काय पाहायचं? मधोमध केसांचा झुपका, चरबीची मऊ गाठ, लाल डाग, शेपटीसारखं लोंबणारं कातडं, आणि ढुंगणाच्या फटीच्या वर असलेला खळगा किंवा भोक. ती फटच एका बाजूला वळलेली असेल, तर तेही. फटीच्या आत, माकडहाडाच्या टोकाशी असलेली साधी खळी पुष्कळ बाळांना असते आणि ती निरुपद्रवी असते. तिच्यासाठी घाबरू नका. तसंच कमरेच्या एक्स-रेवर ‘स्पायना बायफिडा ऑकल्टा’ असं लिहून आलं, तर केवळ तेवढ्यावरून काही ठरत नाही. एखाद्या मणक्याची कमान पूर्ण न जुळणं कितीतरी धडधाकट माणसांत सापडतं. पाठदुखीसाठी एक्स-रे काढलेली तरुण मुलं हा शब्द वाचून रडत माझ्याकडे येतात.

आपल्याकडे बाळाला तेल लावून न्हाऊमाखू घालणारी बाई किंवा आजी रोज ती पाठ बघते, हाताखाली चोळते. मोठ्या रुग्णालयातला कोणीही डॉक्टर बाळाची पाठ इतक्या वेळा बघत नाही. गाठ तिला आधी लागते. तिनं सांगितलं आणि घरानं ऐकलं, तर पहिल्या तीन-चार महिन्यांत साध्या सोनोग्राफीनं रज्जूचं टोक कुठे आहे ते कळतं, कारण तोवर मणक्यांच्या मागच्या कमानी पूर्ण हाडाच्या झालेल्या नसतात. नंतर हाड ध्वनिलहरी अडवतं आणि एमआरआयच लागतो. अगदी लहान बाळाचा एमआरआय दूध पाजून, गुंडाळून, झोपेत करता येतो. मोठ्या मुलांना भूल द्यावी लागते. एमआरआय संपूर्ण कण्याचा करावा, फक्त कमरेचा नको, कारण दोष एकाहून जास्त ठिकाणी असू शकतात. हाडाचा काटा असल्यास सीटी स्कॅन त्याची जागा नेमकी दाखवतो. आणि मूत्राशयाची युरोडायनॅमिक तपासणी, म्हणजे मूत्राशय भरताना-रिकामं होताना आतला दाब मोजणं. मूल वरून कोरडं दिसत असलं तरी मूत्राशयातला दाब वाढून मूत्रपिंडांवर येत असतो. ते या तपासणीतच कळतं.

मोठ्यांमध्ये चित्र वेगळं असतं. तिथे दुखणं पुढे येतं, पाठीत, पायांत, कधी गुदद्वाराच्या आसपास. यामादांनी तीन प्रसंग सांगितले होते. मांडी घालून बसल्यावर, ओट्याशी किंचित वाकून भांडी घासताना, आणि उभ्यानं कमरेशी मूल धरल्यावर दुखणं वाढतं. तिन्हींत कमरेचा बाक सरळ होतो आणि रज्जू ताणला जातो. आपल्या बायकांचा सबंध दिवसच या तीन स्थितींत जातो, म्हणून त्यांचं दुखणं ‘बाळंतपणानंतरचं’ म्हणून सोडून दिलं जातं. आणि एक व्यावहारिक सूचना. पाठीवर अशी खूण असलेल्या स्त्रीनं बाळंतपणाच्या वेळी भूलतज्ज्ञाला ती आधीच दाखवावी. रज्जू खाली असेल तर कमरेतल्या इंजेक्शनची सुई थेट त्यात जाऊ शकते.

उपचार म्हणजे शस्त्रक्रिया. पण सगळ्यांना नाही आणि सगळ्यांना एकच नाही.

सर्वात सोपी म्हणजे जाड फायलम कापण्याची. एका मणक्याची मागची कमान उघडायची, आवरणाला चीर द्यायची, सूक्ष्मदर्शकाखाली नसा हळूच बाजूला करायच्या. फायलम नसांपेक्षा वेगळा दिसतो. चरबीमुळे पिवळसर, आणि अंगावर एक वळणावळणाची रक्तवाहिनी. तरी डोळ्यांवर विसंबायचं नाही. विजेची बारीक टोचणी देऊन पाय आणि गुदद्वाराचे स्नायू हलतात का ते मॉनिटरवर बघायचं. काहीच हललं नाही की तिथे कात्री लावायची. कापल्याबरोबर दोन्ही टोकं झटकन एकमेकांपासून दूर जातात, वरचं टोक तर कधी कधी नजरेआड होतं. शस्त्रक्रिया शिकणारी मुलं हे पहिल्यांदा बघतात तेव्हा त्यांना ताण म्हणजे काय ते पुस्तकापेक्षा चांगलं कळतं.

हाडाचा काटा असेल तर क्रम महत्त्वाचा. आधी काटा काढायचा, मग फायलम कापायचा. आधी फायलम कापला तर मोकळा झालेला रज्जू वर सरकताना काट्यावर जाऊन आदळण्याची भीती. रज्जूतच घुसलेल्या चरबीच्या गाठीची शस्त्रक्रिया सर्वात अवघड. चरबी कुठे संपते आणि रज्जू कुठे सुरू होतो, ती सीमा धूसर असते. इथे एक कळकळीची विनंती. पाठीवरची गाठ ‘साधी चरबीची’ म्हणून एमआरआयशिवाय कोणाकडूनही काढून घेऊ नका. वरची गाठ जाते, आतला रज्जू तसाच अडकलेला राहतो, आणि कधी त्यालाच इजा होते. अशी मुलं मी पाहिली आहेत.

गाठ आहे पण मुलाला काहीच त्रास नाही, तर? इथे जगातले जाणते शल्यविशारद दोन बाजूंना आहेत. पँग यांचा गट म्हणतो, लवकर आणि संपूर्ण गाठ काढा. पॅरिसच्या नेकर रुग्णालयाच्या अनुभवावर आधारलेला २००४चा अभ्यास म्हणतो की अशा मुलांवर बारीक लक्ष ठेवून वाट पाहिली, तर निकाल शस्त्रक्रियेपेक्षा वाईट येत नाहीत. जाड फायलम मी लवकर कापतो, कारण धोका कमी. रज्जूत शिरलेल्या गाठीत मी आईबापांसमोर दोन्ही बाजू ठेवतो आणि त्यांना घाई करत नाही. एमआरआय पूर्ण नॉर्मल असताना केवळ अंथरूण ओलं होतं म्हणून फायलम कापण्याचा सल्ला कोणी देत असेल, तर मात्र दुसरं मत घ्या. कॅनडातल्या स्टाइनबॉक यांच्या गटानं २०१६मध्ये अशा मुलांची छोटी पण चिठ्ठ्या टाकून केलेली चाचणी छापली. शस्त्रक्रिया झालेल्या मुलांना औषधांवरच्या मुलांपेक्षा जास्त फायदा दिसला नाही.

शस्त्रक्रियेनंतर काही दिवस मुलाला सपाट झोपवून ठेवतात, कारण मेंदू आणि रज्जूभोवतीचं पाणी जखमेतून झिरपण्याचा धोका असतो. दुखणं बहुतेकांचं जातं. पायांची ताकद अनेकांची सुधारते, निदान घसरण थांबते. मूत्राशय सर्वात कमी सुधारतं, आणि जितका उशीर तितकं कमी. वळलेलं पाऊल आपोआप सरळ होत नाही, त्याला अस्थितज्ज्ञ लागतोच. काही मुलांत व्रणामुळे रज्जू पुन्हा चिकटतो, विशेषतः झपाट्यानं उंची वाढण्याच्या वयात. म्हणून वाढ पूर्ण होईपर्यंत वर्षातून एकदा तरी दाखवायला आणायचं, मूल ठणठणीत असलं तरी. त्या भेटीत मी एमआरआयपेक्षा चप्पल आणि लघवीची वही आधी मागतो.

ती सहावीतली मुलगी आता चांगली चालते. टाच भरली. लघवीचा ताबा मात्र आला नाही. ती दिवसातून चार-पाच वेळा स्वतः नळी घालून मूत्राशय रिकामं करते. हा उपाय जॅक लापिडीस यांनी मिशिगनमध्ये १९७२ साली रूढ केला. नळी निर्जंतुक नसली तरी चालते, स्वच्छ हवी, आणि मूत्राशय वेळेवर रिकामं व्हायला हवं, हे त्यांचं म्हणणं तेव्हा अनेकांना पटलं नव्हतं. त्यानं असंख्य मुलांची मूत्रपिंडं वाचवली आहेत. पाच मिनिटांचं काम असतं आणि ही मुलगी ते आरशाशिवाय करते.

राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाची सुरुवात फेब्रुवारी २०१३मध्ये आपल्याच पालघरला झाली, आणि तपासायच्या दोषांच्या यादीत मज्जानलिकेचा दोष पहिला आहे. या कार्यक्रमाचं पथक अंगणवाडीत आणि शाळेत येतं तेव्हा शिक्षकांनी एवढं बघावं की वजनकाट्याबरोबर पाठही पाहिली जाते. मुलींसाठी आडोसा आणि पथकातली स्त्री सदस्य हवी, नाहीतर पाठ पाहायची राहूनच जाईल.

समोर बऱ्याच शाळांचे मुख्याध्यापक बसलेत, म्हणून शेवटची मागणी त्यांच्याकडे. नळी वापरणाऱ्या मुलाला किंवा मुलीला शाळेत तीन गोष्टी लागतात. आतून कडी लागणारं स्वच्छतागृह, नळाला पाणी आणि साबण, आणि दर तीन-चार तासांनी कोणालाही न विचारता वर्गातून उठून जाण्याची मुभा. त्या मुलीच्या शाळेत पहिल्या दोन गोष्टी नव्हत्या, म्हणून ती सकाळपासून पाणी पीत नसे आणि दुपारी घरी पळत जात असे. जूनमध्ये शाळा उघडण्याआधी आपापल्या स्वच्छतागृहाची कडी तपासून घ्या.